नाटकाचा शेवट कोणी बदलला?

ताई,
मी ३४ वर्षांची आहे, नाशिकला एका सहकारी बँकेत नोकरी करते. कॉलेज पुण्यात झालं. तिथे एका मैत्रिणीबरोबर 'पुरुषोत्तम' करंडक स्पर्धेसाठी एकांकिका लिहिल्या, पुढे राज्य नाट्य स्पर्धेसाठी दोन अंकी नाटक लिहिलं. सगळं दोघींच्या नावावर. गोष्ट रचणं, प्रसंग लावणं तिचं, संवाद बहुतेक माझे. आमचं खूप जमतं. आता ती ठाण्याला असते, पूर्णवेळ लिहिते. एका निर्मिती संस्थेने आम्हाला दैनंदिन मालिकेसाठी विचारलंय. ती म्हणते, आता अर्धवट काही नको. मी नोकरी सोडायची आणि यापुढे दोघींनी जे काही लिहायचं ते एकाच जोडनावाने लिहायचं. नाटक, मालिका, सिनेमा, सगळं. "हे लग्नच समज," असं तिचं म्हणणं. गेल्या नाटकाचा शेवट तिने तालमीत बदलला होता, मला तो प्रयोगालाच कळला. पण लोकांना आवडला, मी काही बोलले नाही. बाबा आजारी होते तेव्हा ती महिनाभर आमच्या घरी राहिली होती, हेही विसरता येत नाही. माझी एक कादंबरी अर्धी पडून आहे, पण तिचं काही विशेष नाही. महिनाअखेर उत्तर द्यायचंय. जोडी करू का?
— 'अर्धी सही', नाशिक
ता. क. हे छापून आलं तर ती ओळखेल का?

'अर्धी सही' यांस,

उत्तर आधी देते, कारणं मागाहून. मालिका दोघींनी मिळून घ्या. कायमच्या जोडीला आत्ता नाही म्हणा. करार हातात येऊन नीट वाचून होईपर्यंत नोकरीचा राजीनामा लिहू नका. आणि कादंबरी या सगळ्याच्या बाहेर ठेवा.

तुमचं जमतं याबद्दल मला शंका नाही. भरत नाट्य मंदिरात प्रयोगाची वेळ ठरलीय आणि शेवटचं पान अजून लिहून व्हायचंय, अशा अवस्थेतून ज्या दोघी मैत्री शाबूत ठेवून बाहेर पडल्या, त्यांचं जमतंच. पण स्पर्धेच्या लेखनात वाटून घ्यायला होतं काय? पैसे नव्हतेच. मुदत स्पर्धेने ठरवलेली. करंडक मिळाला तरी तो कॉलेजच्या कपाटात जातो. भांडण झालं तर ते एखाद्या वाक्यावरून, आणि ते चहाच्या टपरीवर मिटायचं. आता जे समोर आलंय त्यात रोज काहीतरी वाटून घ्यायचंय. मानधन, नाव, वेळ, आणि चॅनलच्या मीटिंगमध्ये दोघींपैकी कोणी बोलायचं तेही.

म्हणून मी तुमच्या पत्रातल्या त्या शेवटापाशी थांबले. तुम्ही तो प्रसंग जाता जाता सांगितलाय आणि लगेच "लोकांना आवडला" म्हणून झाकूनही टाकलाय. तालमीत संहिता हलतेच, हे तुम्हाला मी सांगायला नको. दिग्दर्शक वाक्यं कापतो, नटाच्या तोंडात एखादा शब्द बसत नाही, दुसरा अंक लांबतो. पण नाटकाचा शेवट म्हणजे एखादं वाक्य नव्हे. तो दोन लेखिकांपैकी एकीने बदलला आणि दुसरीला नाशिकच्या साईखेडकर नाट्यगृहात, किंवा जिथे कुठे तुमचं केंद्र होतं तिथे, प्रेक्षकांत बसल्यावर कळला. ठाण्याहून फोन करायला किती वेळ लागतो?

तरीही, तिने शेवट बदलला यापेक्षा तुम्ही बोलला नाहीत याची मला जास्त काळजी वाटते. कदाचित तिचा शेवट खरोखरच सरस असेल. पण तुमचा कोणता होता, तो का होता, यावर बोलणंच झालं नाही. मालिकेत हा प्रसंग वर्षातून एकदा येणार नाही. आठवड्याला सहा भाग, कधी सातही. वनलाइन, म्हणजे भागाचा थोडक्यात आराखडा, मंजूर होते, पटकथा जाते, मग चॅनलकडून नोट्स येतात, आणि उद्याचं शूटिंग आज संध्याकाळच्या पानांवर उभं असतं. "अमुक पात्राला परत आणा", "तो ट्रॅक गुंडाळा" असं दुपारी कळतं आणि निर्णय तासाभरात घ्यायचा असतो. अशा वेळी एक जण पटकन बोलणारी आणि दुसरी गप्प राहणारी असेल, तर निर्णय कोणाचा होणार हे आधीच ठरलेलं आहे. चार वर्षांनी तुम्ही म्हणाल, "माझं काही चालतच नव्हतं." ती म्हणेल, "तू कधी बोललीच नाहीस." आणि दोघीही खरं बोलत असाल.

तेव्हा जोडीबद्दल बोलण्याआधी तिच्याशी त्या शेवटाबद्दल बोला. तक्रारीचा सूर नको, पण गुळमुळीतही नको. "तो शेवट चांगला होता की नव्हता हे आपण नंतर बोलू. मला तो प्रयोगात कळला, ते मला आवडलं नव्हतं, आणि मी तेव्हा गप्प बसले." एवढंच. मग ती काय म्हणते ते ऐका. तिने माफी मागितली की नाही हे मोजत बसू नका, मैत्रिणी माफी पटकन मागतात. "तुझ्या मनात कोणता शेवट होता, परत सांग," असं तिने विचारलं, तर या बाईबरोबर काम करता येईल. "पण लोकांना आवडला ना?" असं म्हणाली, तर तुमच्या दोघींतला वाद मिटवायला ती तिसऱ्याला बोलावते हे लक्षात घ्या. स्पर्धेत तो तिसरा प्रेक्षक होता. मालिकेत तो टीआरपी असेल, आणि त्याला तुमच्या संवादांबद्दल काडीचंही ममत्व नाही.

आता कामाच्या वाटणीकडे येते. गोष्ट तिची, संवाद तुमचे, ही वाटणी ऐकायला सोपी वाटते आणि त्रास नेमका तिथेच होतो. एलरी क्वीन या एकाच नावाने दोन अमेरिकन लेखक १९२९पासून रहस्यकथा लिहीत होते. फ्रेडरिक डॅने आणि मॅनफ्रेड ली, सख्खे नसले तरी नात्याने भाऊ. डॅने कथानकाचा तपशीलवार आराखडा करायचे, ली त्यातून कादंबरी लिहायचे. वाचकांसाठी झकास चाललं होतं. आतून मात्र आराखडा करणाऱ्याला वाटे की आपली रचना लिहिताना बिघडवली जाते, आणि लिहिणाऱ्याला वाटे की आपल्याला दुसऱ्याच्या मापाचे कपडे घालून चालायला लावलंय. दोघांमधली पत्रं पुढे प्रसिद्ध झाली. ती वाचून जोडनावाचा मोह बराच कमी होतो. तुमची मैत्रीण सुचवतेय ती नेमकी हीच व्यवस्था आहे, फक्त मराठीत.

उलट आपल्याकडचं उदाहरण घ्या. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांनी तीसहून अधिक वर्षं चित्रपट एकत्र केले. दिग्दर्शनाला दोघांचं नाव, पण लेखन बहुतेक वेळा भावे यांचं आणि गाणी सुकथनकरांची, आणि श्रेयनामावलीत ते तसं स्वच्छ लिहिलेलं असे. एकत्र काय आणि आपापलं काय, हे पडद्यावरच दिसत होतं. मला वाटतं, इतकी वर्षं टिकण्यात या स्वच्छपणाचाही हात असावा.

तुमच्या बाबतीत गंमत अशी की मालिकेचा धंदा तुम्हाला ही सोय आयतीच देतो. मराठी मालिकांच्या श्रेयात कथा, पटकथा आणि संवाद हे वेगवेगळे लिहिले जातात, आणि बरेचदा ती माणसंही वेगळी असतात. मग तुम्ही एक जोडनाव करून एका खुर्चीत दोघी का बसताय? निर्मिती संस्थेला विचारा की पटकथेचा करार तिच्याशी आणि संवादांचा तुमच्याशी, असे दोन करार होतील का. कथा हवी तर दोघींच्या नावावर ठेवा. मानधन प्रत्येक भागामागे ठरतं, तेव्हा पटकथेचं किती आणि संवादांचं किती हे सुटं सुटं लिहून घ्या. जोडी म्हणून एका सहीत अडकलात तर एका लेखकाचे पैसे दोघींत वाटून घ्यायची पाळी येऊ शकते. आणि दोघींचे पैसे एकीच्या खात्यात, टीडीएस एकीच्याच पॅनवर, ही सोय तर मुळीच करू नका. बँकेत नोकरी करता, हे तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं कळतं. मैत्रीत मात्र बँकवाल्यांनाही कळेनासं होतं, असा माझा अनुभव आहे.

"पण गोष्ट तिची आहे, मी फक्त लिहिते," असं तुम्ही मनात म्हणत असाल. लोकही म्हणत असतील. किंवा उलट, "गोष्ट काय कोणीही सांगेल, लिहिलं मी." दोन्हींत फारसा अर्थ नाही. मौलाना आझाद आपल्या आठवणी उर्दूत सांगत आणि हुमायून कबीर त्या इंग्रजीत लिहून काढत. त्या पुस्तकाचा वाद १९८०च्या दशकाच्या अखेरीस दिल्ली उच्च न्यायालयात गेला, तेव्हा न्यायालयाने दोघांना सहलेखक मानलं. सांगणारा आणि लिहिणारा यांनी जवळून, डोकं लावून एकत्र काम केलं असेल तर पुस्तक दोघांचं. म्हणजे तुमचं दोन अंकी नाटक आजही दोघींचं आहे, शेवट कोणीही बदललेला असो.

आणि ते दोघींचंच राहणार आहे, हेही समजून घ्या. १९५७च्या कॉपीराइट कायद्यानुसार, दोघींचा वाटा वेगळा काढता येत नसेल तर ती संयुक्त कृती. तिचा हक्क दोघींपैकी जी मागे राहील तिच्या मृत्यूनंतर ६० वर्षं चालतो. प्रयोगाची परवानगी, पुस्तक, भाषांतर, सिनेमा, यांतलं काहीही द्यायचं तर दोघींची संमती लागते. म्हणजे उद्या तुमचं बोलणं बंद झालं, तरी सोलापूरच्या एखाद्या कॉलेजला तुमचं नाटक करायचं असेल तर परवानगीच्या पत्रावर दोन सह्या लागतील. पुढे तुमच्या भाचरांना तिच्या मुलांची सही मागत फिरावं लागेल. लग्न मोडलं तर निदान कोर्ट आहे, पोटगी आहे, कोणाच्या वाट्याला काय याचे ठरीव नियम आहेत. लिहिणाऱ्या दोघींनी आधी काही लिहून ठेवलं नसेल तर मागे उरतं ते फक्त एकमेकींना अडवून धरण्याचं बळ. तेव्हा तिने लग्नाची उपमा दिली असेल तर तिला सांगा की मला लग्नापेक्षा जरा जास्त कागद हवेत.

कागद म्हणजे वकिली बाड नव्हे, एक पान पुरे. आतापर्यंतच्या एकांकिका आणि नाटक यांची परवानगी कोण देईल आणि दुसरीने किती दिवसांत उत्तर न दिल्यास होकार समजायचा. नावं कोणत्या क्रमाने येतील. शेवट, मुख्य पात्र किंवा शीर्षक बदलायचं तर दुसरीला आधी कळवल्याशिवाय बदलायचं नाही. मतभेद झाला तर कथेबाबत शेवटचा शब्द तिचा आणि संवादांबाबत तुमचा, किंवा तुम्हाला पटेल तसं, पण कोणाचा तरी. एकीने मध्येच सोडलं तर तोपर्यंतच्या भागांचं श्रेय आणि पैसे तिचेच राहतील. शेवटची ओळ सगळ्यात महत्त्वाची, कारण दैनंदिन मालिकेतून कोणीतरी कधीतरी थकून बाहेर पडतंच. निर्मिती संस्थेच्या करारातही हक्क किती काळासाठी देताय ते पाहा. मुदत लिहिलीच नसेल तर कायदा ती ५ वर्षं धरतो, म्हणूनच संस्था ती लिहायला सहसा विसरत नाहीत. स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे संहिता दोघींच्या नावाने नोंदवून ठेवा. 'मानाचि' लेखक संघटनेतल्या एखाद्या मुरलेल्या मालिका-लेखकाला गाठून करार दाखवला तर अर्ध्या तासात तो तुम्हाला माझ्या या अख्ख्या पत्राहून जास्त शहाणं करेल.

आता 'कायम' या अटीबद्दल. ती घालायचं कारणच मला कळत नाही. स्वीडनमध्ये मॅय श्योवाल आणि पेर वालू या जोडप्याने पोलिसकथांची मालिका लिहायला घेतली तेव्हा दहा कादंबऱ्या लिहायच्या हे आधीच ठरवलं होतं. मुलं झोपली की रात्री बसायचं, एक प्रकरण तिने आणि एक त्याने. १९६५ ते १९७५ या काळात दहा झाल्या. एकत्र राहणारं जोडपं असूनही लेखनाला त्यांनी आकडा ठरवला होता. तुम्हीही ठरवा. ही मालिका, किंवा एक वर्ष, यांपैकी जे आधी संपेल ते. मग बसा आणि पुन्हा विचारा. मुदत असली की कुरबुरी साठवून ठेवायची गरज उरत नाही, आणि पुढच्या वर्षीचा होकार सवयीतून न येता विचारातून येतो.

जोडीबाहेरचं लेखन हा माझा सगळ्यात हट्टाचा मुद्दा. सलीम-जावेद यांनी 'जंजीर', 'दीवार', 'शोले' लिहिले, पोस्टरवर लेखकाचं नाव यावं इतका दरारा मिळवला. १९८१च्या 'सिलसिला'त जावेद अख्तरांनी गाणी लिहिली, एकट्याच्या नावाने. जोडी फुटली तीही त्याच सुमारास. एकामुळे दुसरं झालं असा दावा मी करणार नाही, दोन माणसांमधलं त्यांचं त्यांना ठाऊक. पण एका जोडीतल्या माणसाला एकट्याने काही लिहावंसं वाटणं हे अगदी साहजिक आहे, आणि त्यासाठी जोडीत आधीच जागा केलेली नसेल तर ते दुसऱ्याला पाठ फिरवल्यासारखं वाटू शकतं. तुमच्याकडे तर ती गोष्ट तयारच आहे, अर्धी लिहून. "यापुढे सगळं एकाच नावाने" या वाक्यात तुमची कादंबरीही येते, हे तिने बोलताना लक्षात घेतलं असेल का? तिला कादंबरीबद्दल माहिती तरी आहे का? तुमच्या पत्रावरून कळत नाही.

"तिचं काही विशेष नाही" हे मी मानत नाही. विशेष नसतं तर अकरा ओळींच्या पत्रात तिचा उल्लेख आला नसता. ती चांगली आहे की वाईट हे मला माहीत नाही, कदाचित टाकाऊही असेल. पण तुमच्या लेखनापैकी जिचा शेवट दुसरं कोणी बदलू शकत नाही अशी ती एकच वस्तू आहे, आणि एकट्याने तुम्ही कशा लिहिता हे तुम्हाला फक्त तिथेच कळणार आहे. गोष्ट रचणं माझं काम नाही, असं तुम्ही इतकी वर्षं धरून चालला आहात. कादंबरी रचायला बसलात म्हणजे ते खरं की सवयीचं, ते कळेल. मालिका सुरू झाली की ती बाजूला पडेल, त्याला इलाज नाही. पण एक पान लिहाल तेव्हा त्यावर लिहा: कादंबरी आणि एकटीने लिहिलेली कथा-कविता जोडीबाहेर. मैत्रिणीसाठीही तेच. तिच्याही मनात एखादं नाटक असेल जे तिला तुमच्या संवादांशिवाय लिहून पाहायचंय. असलं तर तिला सुटल्यासारखं वाटेल.

बाबांच्या आजारपणाबद्दल. ती महिनाभर राहिली, ही फार मोठी गोष्ट आहे. ते ऋण आहे आणि ते फेडावंसं वाटणं योग्यच. पण ते तिच्या घरी कधी अडचण आली तर तिथे जाऊन फेडा. तिच्या आईला दवाखान्यात न्या, तिला गरज असेल तेव्हा पैसे द्या, रात्री दोनला फोन आला तरी उचला. श्रेयनामावलीत फेडू नका. तिने त्या महिन्याचा हिशेब ठेवलेला नाही, असं तुमच्याच पत्रावरून वाटतं. हिशेब तुम्ही ठेवलाय, आणि शेवट बदलला तेव्हाही त्याच वहीत बघून गप्प बसलात, अशी मला शंका आहे.

नोकरीचं थोडक्यात. मालिका शंभर भागांतही बंद पडते, आणि चालू मालिकेतही लेखक बदलतात. बिनपगारी रजा मिळत असेल तर तीन-चार महिन्यांची मागा. मिळत नसेल तर निर्मिती संस्थेला सांगा की संवाद मी नाशिकहून रोज अमुक वाजेपर्यंत पाठवीन. संवाद-लेखकाने सेटवर बसलंच पाहिजे असं नाही, आणि त्यांनी विचारणा केलीय ती तुमचे संवाद वाचूनच केली असणार. महिनाअखेरच्या मुदतीला घाबरू नका. "कराराचा मसुदा पाठवा, वाचून आठ दिवसांत कळवते," हेही उत्तरच असतं.

राहिला ता. क. ओळखेल की नाही? ओळखेलच. गावं, वय आणि नोकरी मी बदलून छापतेय, तुमच्या परवानगीने, पण शेवट बदललेलं नाटक तिला ओळखू येणारच. म्हणून हा मजकूर छापायला जाण्याआधी तुम्हाला पाठवतेय. पुढच्या रविवारी अंक निघेल. तोपर्यंत एखादा दिवस ठाण्याला जाऊन या, आणि हे तिला अंकात वाचायला लागण्याआधी तुमच्या तोंडून ऐकू द्या.